दोरीच्या वरचे हात

ब्रिटनमध्ये आज साठी ओलांडलेल्या बहुतेकांना अँडी पँडी आठवतो. पट्ट्यापट्ट्यांचे कपडे घातलेली, वेताच्या टोपलीतून बाहेर येणारी कळसूत्री बाहुली. जोडीला टेडी आणि चिंध्यांची लूबी लू. ११ जुलै १९५० रोजी तो बीबीसीच्या पडद्यावर पहिल्यांदा आला. पुढे त्याच्या २६ फिल्मा तयार झाल्या आणि त्याच त्या फिल्मा १९६०च्या दशकाच्या अखेरीपर्यंत आलटून पालटून दाखवल्या गेल्या. इतक्या मुलांनी इतक्या वेळा पाहिलेले कार्यक्रम थोडेच असतील. पण अँडीच्या दोऱ्या ऑड्री अ‍ॅटरबरी आणि मॉली गिब्सन यांच्या हातात होत्या आणि त्याची गाणी ग्लॅडिस व्हिट्रेड गात असे, हे सांगू शकणारा माणूस तिथेही शोधावा लागतो.

ही गत या तिघींचीच नाही. १९४६ ते १९६४ या काळात ब्रिटिश मुलांसाठी कॅमेऱ्यासमोर, कॅमेऱ्याच्या वर आणि टेबलाखाली राबलेल्या बहुतेक कलावंतांच्या वाट्याला हेच आलं. का, याची चार उत्तरं नेहमी दिली जातात. प्रक्षेपण थेट होतं, त्यामुळे काही उरलंच नाही. जे ध्वनिचित्रमुद्रित झालं ते बीबीसीने पुसलं. बाहुल्या जिवंत वाटाव्यात म्हणून माणसं मुद्दाम लपवली गेली. आणि मुलांचं काम, त्यातून पुष्कळसं बायकांचं, म्हणून त्याला दुय्यम लेखलं गेलं. चारही उत्तरांत तथ्य आहे. अडचण अशी की ती एका दमात, सगळ्यांना सारखीच लागू असल्यासारखी सांगितली जातात. नीट पाहिलं तर प्रत्येक कारणाने वेगळ्या माणसांना गाठलं आहे. पडद्यावर चेहऱ्याने दिसलेल्यांचं नाव उरलं आणि काम गेलं. न दिसलेल्यांचं काम उरलं आणि नाव कागदात अडकून पडलं. दोन्ही उरलं ते ज्यांच्या हातातली बाहुली त्यांच्याच मालकीची होती त्यांचं.

थेट म्हणजे किती थेट

बीबीसीची नियमित दूरचित्रवाणी २ नोव्हेंबर १९३६ रोजी उत्तर लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून सुरू झाली. पुढच्याच वर्षी ‘फॉर द चिल्ड्रन’ या नावाने मुलांचा कार्यक्रम आला. १ सप्टेंबर १९३९ला युद्धाच्या तोंडावर पडदा काळा झाला तो ७ जून १९४६पर्यंत. नंतरही बराच काळ दूरचित्रवाणी हा लंडन आणि आसपासच्या घरांचाच कारभार होता. मिडलंड्सला सेवा मिळाली ती १९४९च्या डिसेंबरात, सटन कोल्डफील्डचं प्रक्षेपण केंद्र सुरू झाल्यावर. १९४७ साली दूरचित्रवाणीचे परवाने होते सुमारे १५ हजार. त्याच वेळी रेडिओवरचा ‘चिल्ड्रन्स अवर’ पंचवीस वर्षांचा झालेला होता आणि ‘अंकल मॅक’ म्हणजे डेरेक मॅककलक हे घराघरातलं नाव होतं. मुलांच्या कार्यक्रमांची प्रतिष्ठा तिकडे होती. अलेक्झांड्रा पॅलेसच्या टेकडीवर चढणारा कलावंत कीर्तीसाठी चढत नव्हता.

थेट प्रक्षेपणात कलावंत जे करतो ते त्याच क्षणी प्रेक्षकापर्यंत जातं आणि संपतं. पडद्यावरचं चित्र फिल्मवर टिपून घेण्याची रीत, तिला टेलिरेकॉर्डिंग म्हणत, १९४७पासून हाती होती. पण ती खर्चिक होती, चित्र धूसर येई, आणि अभिनेत्यांची संघटना ‘इक्विटी’ व वादकांची संघटना यांचा अशा मुद्रणाच्या वापराला विरोध होता. मुद्रण पुन्हा दाखवलं की कलावंताचा दुसऱ्या खेळाचा मेहनताना बुडतो, हा त्यांचा हिशेब होता आणि तो खोटा नव्हता. परिणामी ‘पुनःप्रक्षेपण’ म्हणजे पुष्कळदा तोच खेळ पुन्हा करणं. १९५२ साली ‘बिली बंटर ऑफ ग्रेफ्रायर्स स्कूल’ सुरू झालं तेव्हा एकाच दिवशी दोन खेळ होत, संध्याकाळी मुलांसाठी आणि रात्री आठला मोठ्यांसाठी. खादाड, गोलमटोल शाळकरी बंटर साकारणारा जेराल्ड कँपियन तेव्हा तिशीचा संसारी माणूस होता. तो ही भूमिका १९६१पर्यंत करत राहिला. पोटावर गाद्या बांधून, कडक दिव्यांखाली, एका दिवसात दोनदा तोच विनोद पहिल्यांदा सुचल्यासारखा करायचा, हे काम सोपं नव्हतं. त्यातलं आज पाहायला मिळतं ते अगदी थोडं.

इथे दोन नुकसानं वेगळी ठेवायला हवीत. पहिलं, मुळात मुद्रणच न होण्याचं. दुसरं, मुद्रण होऊन पुसलं जाण्याचं. दुसऱ्याचा काळ पुढचा आहे. चुंबकीय व्हिडिओटेप ब्रिटनमध्ये १९५८पासून वापरात आली. फीत महाग, आणि पुन्हा वापरता येणारी. म्हणून कार्यक्रम पुसून तीच फीत नव्या कार्यक्रमाला देणं हा व्यवहार झाला. १९७८च्या सुमारास बीबीसीने संग्रहाचं धोरण बदललं, तरी मुलांच्या कार्यक्रमांना सर्वांत शेवटी संरक्षण मिळालं; ‘प्ले स्कूल’ या बालकार्यक्रमाच्या कित्येक फिती १९९०च्या दशकाच्या सुरुवातीलाही पुसल्या गेल्या. म्हणजे ‘बीबीसीने सगळं पुसलं’ हा लोकप्रिय आरोप १९६०-७०च्या कलावंतांच्या बाबतीत खरा आहे. १९४६ ते १९५५च्या कलावंतांचं पुसण्याजोगं काही नव्हतंच.

दिसले ते

या पहिल्या फळीत सर्वांत मोठं नाव अ‍ॅनेट मिल्स यांचं. जन्म १८९४, नट जॉन मिल्स यांची थोरली बहीण. नर्तकी म्हणून कारकीर्द सुरू झाली, ती पायाच्या दुखापतीने थांबली. मग गाणी लिहिणं सुरू झालं. ‘बूम्प्स-अ-डेझी’ हे १९३९च्या आगेमागे सगळ्या ब्रिटनला नाचवणारं गाणं त्यांचं. १९४६ साली ‘फॉर द चिल्ड्रन’साठी त्यांना पियानोवर नाचेल असं काहीतरी हवं होतं. अ‍ॅन होगार्थ आणि जॅन बसेल या बाहुलीकार दांपत्याकडे फ्रेड टिकनर यांनी १९३०च्या दशकात घडवलेलं एक लाकडी खेचर पडून होतं. मिल्स यांनी ते निवडलं, नाव ठेवलं मफिन.

पुढची नऊ वर्षं चाललेला हा प्रयोग दिसायला साधा होता. मिल्स पियानोशी बसत, मफिन पियानोच्या झाकणावर नाचे, आणि पियानोमागच्या उंचवट्यावर अ‍ॅन होगार्थ उभ्या राहून दोऱ्या हलवत. मफिन बोलत नसे. तो मिल्स यांच्या कानाशी तोंड नेई आणि त्याने काय सांगितलं ते त्या मुलांना सांगत. म्हणजे संवादाच्या दोन्ही बाजू एकाच तोंडून, आणि तरीही समोरचा गप्प प्राणी बोलतो आहे असं वाटलं पाहिजे. दोरीवरच्या बाईने मान नेमकी किती कलवायची आणि पियानोवरच्या बाईने त्या कलण्यात कोणतं वाक्य वाचायचं, याचं हे जुगलबंदीचं काम होतं, आणि ते थेट चाले. चुकलं तर सावरायचंही तिथल्या तिथे.

१० जानेवारी १९५५ रोजी मिल्स गेल्या आणि बीबीसीवरचा मफिन त्यांच्याबरोबर संपला. त्यांच्या कामाच्या काही फिल्मा आहेत. बाकी हवेत विरलं. लेस्नी कंपनीने (पुढे ‘मॅचबॉक्स’ मोटारींसाठी गाजलेली) ओतीव धातूचा दोरीवरचा मफिन काढला होता. तो आज जुन्या वस्तूंच्या बाजारात दिसतो. खेचराची कीर्ती अशी धातूइतकी टिकाऊ निघाली. त्याच्या जोडीदारणीचा उल्लेख मात्र बहुधा ‘जॉन मिल्स यांची बहीण’ असा येतो.

१९५०मध्ये लाइम ग्रोव्हचे स्टुडिओ वापरात आल्यावर मुलांच्या कार्यक्रमांना जागा मिळाली. त्याच वर्षी सुरू झालेल्या ‘व्हर्लिगिग’ या पंधरवड्याच्या शनिवारच्या कार्यक्रमाचा सूत्रसंचालक हम्फ्री लेस्टॉक हा सुरुवातीच्या दशकातला कदाचित सर्वांत लाडका माणूस असेल. मुलं त्याला ‘एचएल’ म्हणत. त्याचा जोडीदार मिस्टर टर्निप ही सलगमाच्या डोक्याची बाहुली. तिच्या दोऱ्या जॉय लॉरीच्या, आवाज पीटर हॉकिन्सचा. म्हणजे पडद्यावर दिसणाऱ्या जोडीमागे तीन माणसं. त्याच कार्यक्रमात फ्रान्सिस कूड्रिल हा चित्रकार-शब्दभ्रमकार हँक या काउबॉयच्या गोष्टी सांगे. ‘व्हर्लिगिग’ १९५६ला थांबलं. ते थेट होतं, म्हणून पुन्हा दाखवायला काही राहिलं नाही. ज्यांनी ते पाहिलं त्या पिढीपुरताच लेस्टॉक मोठा राहिला.

जेनिफर गे हिचं उदाहरण आणखी बोलकं आहे. १९५०च्या दशकाच्या सुरुवातीला मुलांच्या कार्यक्रमांची निवेदिका म्हणून बीबीसीने एका शाळकरी मुलीला बसवलं, ती ही. पुढचा कार्यक्रम काय आहे हे मुलांना त्यांच्याच वयाच्या जवळपासच्या कुणीतरी सांगावं, ही कल्पना त्या काळी नवी होती. निवेदन हा तर थेट प्रक्षेपणातलाही सर्वांत नाशवंत भाग. कार्यक्रमाची संहिता तरी उरते; दोन कार्यक्रमांमधलं बोलणं कुणी जपावं?

काहींना विस्मृतीतून वाचवलं ते दुसऱ्याच कीर्तीने. पीटर बटरवर्थ ‘कॅरी ऑन’ चित्रपटांमुळे लक्षात आहे. त्याआधीची त्याची मुलांच्या कार्यक्रमांतली वर्षं चरित्रात एखाद्या ओळीत आटपतात. ह्यू व्हेल्डन यांच्या ‘ऑल युवर ओन’मध्ये मुलं आपापली हुन्नर दाखवायला येत. त्यात कधीकाळी गिटार घेऊन आलेला जिमी पेज आज जगभर पाहिला जातो, कारण पुढे तो ‘लेड झेपेलिन’चा जिमी पेज झाला. त्याच खुर्चीत बसून गेलेली बाकीची मुलं कोण होती, हे विचारायला कुणाला कारण सापडत नाही.

न दिसलेले

पडद्यावर न दिसणाऱ्यांची कथा उलट्या दिशेने जाते. तिचं केंद्र ‘वॉच विथ मदर’. १९५०च्या जानेवारीत रेडिओवर ‘लिसन विथ मदर’ सुरू झालं होतं. शाळेत न जाणाऱ्या मुलांसाठी गोष्ट आणि गाणी. तोच विचार पडद्यावर आणण्याचं काम फ्रीडा लिंगस्ट्रम यांच्याकडे आलं. त्या १९५१ ते १९५६ बीबीसीच्या बालविभागाच्या प्रमुख होत्या. मारिया बर्ड या त्यांच्या सहकारी संगीत, संहिता आणि निवेदन सांभाळत. दोघींची ‘वेस्टरम आर्ट्स’ ही संस्था केंट परगण्यातल्या वेस्टरम गावची. १९५५पर्यंत आठवडा भरला: सोमवारी ‘पिक्चर बुक’, मंगळवारी ‘अँडी पँडी’, बुधवारी ‘द फ्लॉवर पॉट मेन’, गुरुवारी ‘रॅग, टॅग अँड बॉबटेल’, शुक्रवारी ‘द वुडनटॉप्स’.

या पाचांपैकी माणूस दिसे तो एकट्या ‘पिक्चर बुक’मध्ये, आधी पॅट्रिशिया ड्रिस्कॉल, मग व्हेरा मॅकेक्नी. बाकी चार दिवस बाहुल्यांचे. मूल आणि बाहुली यांच्यामध्ये मोठ्या माणसाचा चेहरा येऊ नये, बाहुलीनेच मुलाला खेळायला बोलवावं, ही लिंगस्ट्रम यांची धारणा. दोऱ्या पडद्यावर चक्क दिसत, पण त्याची कुणाला अडचण नव्हती. दोरी दिसली तरी चालेल, हात दिसता कामा नयेत.

असा एक अँडी उभा करायला किती माणसं लागत ते पाहण्यासारखं आहे. हालचाल अ‍ॅटरबरी आणि गिब्सन यांची, बोलणं बर्ड यांचं, गाणं व्हिट्रेडचं. बाहुलीचा चेहरा ऑड्री अ‍ॅटरबरी यांच्या लहानग्या मुलावरून घेतला असं सांगितलं जातं; तो मुलगा, पॉल अ‍ॅटरबरी, पुढे जुन्या वस्तूंचा जाणकार म्हणून स्वतःच दूरचित्रवाणीवर प्रसिद्ध झाला. गंमत अशी की आईचं नाव आज छापून येतं ते बहुधा त्याच्या मुलाखतीत. ‘रॅग, टॅग अँड बॉबटेल’मधला हेजहॉग, उंदीर आणि ससा या हातमोज्याच्या बाहुल्या सॅम आणि एलिझाबेथ विल्यम्स नाचवत, त्यात हात डोक्यावर ताणून, मान मागे टाकून काम करायचं असतं आणि आपण काय करतो ते करणाऱ्याला धड दिसत नाही. ‘वुडनटॉप्स’मधली आयलीन ब्राउन रेडिओच्या ‘लिसन विथ मदर’मध्येही गाई. म्हणजे एकच आवाज एका मुलाच्या दुपारी दोनदा येऊन जाई, आणि दोन्हीकडे चेहऱ्याविना.

या सगळ्यांत पीटर हॉकिन्स (१९२४-२००६) हा वेगळा काढून पाहावा असा. ब्रिटनच्या तीन पिढ्यांनी त्याचा आवाज ऐकला आणि रस्त्यात भेटला असता तर बहुतेकांनी त्याला ओळखलं नसतं. मिस्टर टर्निप तो. १९५२मध्ये फुलझाडांच्या कुंड्यांत राहणारे बिल आणि बेन तो; त्यांच्यासाठी त्याने ‘ऑडल पॉडल’ नावाची बोबडी बोली रचली. शब्द धड नाहीत, पण हेल इतके नेमके की मुलाला अर्थ कळतो. याने मुलांची भाषा बिघडेल अशा तक्रारी बीबीसीकडे गेल्या. त्या तक्रारी म्हणजे त्याच्या कामाला मिळालेली सगळ्यांत ठाम पावती म्हणायला हरकत नाही. १९५७पासून ‘कॅप्टन पगवॉश’मधली सगळी पात्रं त्याच्या एकट्याच्या आवाजात बोलू लागली; जॉन रायन पुठ्ठ्याची चित्रं पट्ट्या ओढून हलवत, तेही आवाजाच्या लयीत. आणि १९६३च्या डिसेंबरात ‘डॉक्टर हू’ या विज्ञानकथा मालिकेत डालेक हे यंत्रकवचातले खलनायक आले तेव्हा त्यांचे पहिले आवाज हॉकिन्स आणि डेव्हिड ग्रॅहम यांचे होते. बीबीसी रेडिओफोनिक वर्कशॉपच्या ब्रायन हॉजसनने रिंग मॉड्युलेटरमधून ते आवाज काढले, पण अक्षरं तोडून, ताणून, अंगावर येणारा हेल द्यायचं काम माणसाचं. डालेकच्या कवचात बसून ते चालवणारे रॉबर्ट ज्यूएल, केविन मॅन्सर हे आणखी निराळे. १९७२मध्ये ‘रेनबो’ या बालकार्यक्रमातला झिपी सुरू झाला तोही हॉकिन्सच्याच आवाजात, पुढे तो रॉय स्केल्टनकडे गेला, जो स्वतः डालेकचाही आवाज होता.

लाडीक कुंडीवाल्यांपासून थंड रक्ताच्या डालेकपर्यंतचा हा पल्ला एखाद्या रंगमंचीय नटाने गाठला असता तर त्याच्यावर ग्रंथ निघाले असते. हॉकिन्सच्या वाट्याला मृत्युलेख आले. मुद्दा असा की त्याचं काम हरवलेलं नाही. ‘फ्लॉवर पॉट मेन’ फिल्मवर आहे, ‘पगवॉश’ आहे, डालेकांची पहिली कथा पूर्ण आहे. तेव्हा ‘थेट होतं म्हणून गेलं’ हे उत्तर इथे चालत नाही. इथे काम आपल्यासमोर आहे आणि ते कुणाचं हे पाहायची सवय आपल्याला नाही.

नावं लपवली गेली होती, असंही सरसकट म्हणता येत नाही. ‘रेडिओ टाइम्स’ या बीबीसीच्या कार्यक्रमपत्रिकेत ‘अँडी पँडी’च्या नोंदीत दोऱ्या कोण ओढतं आणि गाणी कोण गातं हे आठवड्यामागून आठवडे छापलं जाई. पण ते वाचणारी आई होती, आणि अँडीवर जीव असलेलं मूल तीन वर्षांचं होतं. नाव एका प्रेक्षकाला मिळालं, प्रेम दुसऱ्याने केलं. हे दोन तुकडे जोडायची वेळ आली तेव्हा ते मूल मोठं झालं होतं आणि ‘रेडिओ टाइम्स’चा तो अंक रद्दीत गेला होता.

बाहुली कुणाची?

मग या काळातून नाव आणि काम दोन्ही घेऊन कोण बाहेर आलं? यॉर्कशरचा हॅरी कॉर्बेट. १९४८ साली ब्लॅकपूलच्या नॉर्थ पिअरवर त्याने साडेसात शिलिंगांना एक पिवळं अस्वल विकत घेतलं. १९५२मध्ये बीबीसीवर आला; कृष्णधवल पडद्यावर उठून दिसावं म्हणून अस्वलाचे कान काजळीने काळे केले आणि त्याचं नाव झालं सूटी. सूटी बोलत नाही, कॉर्बेटच्या कानात कुजबुजतो, मिल्स-मफिनचंच तंत्र. फरक एवढाच की इथे बोलणारा आणि बाहुली नाचवणारा एकच, आणि बाहुली त्याच्या मालकीची. १९६८मध्ये तो सूटीला घेऊन आयटीव्ही या खासगी वाहिनीवर गेला. १९७६मध्ये मुलगा मॅथ्यूने वारसा घेतला. नाव टिकलं, कारण त्या नावाखाली धंदा होता. मात्र १९६४मध्ये आलेली सू ही पांडा-बाहुली बोले ती मार्जरी कॉर्बेट यांच्या आवाजात. हॅरीची ही बायको टेबलाच्या खालच्या बाजूला राहिली आणि तिची कीर्तीही.

होगार्थ-बसेल यांचंही तसंच. मफिन त्यांचा होता, म्हणून मिल्स गेल्यावरही तो त्यांच्याबरोबर राहिला आणि ‘होगार्थ पपेट्स’ हे नाव बाहुलीकलेच्या इतिहासात आहे. अ‍ॅटरबरी आणि गिब्सन यांनी नाचवलेला अँडी त्यांचा नव्हता.

आणि स्वतःहून अंधार निवडणारेही होते. आयव्हन ओवेन (१९२७-२०००) हा १९६०च्या दशकारंभी आयटीव्हीवर फ्रेड बार्कर हा कुत्रा आणि मग बेझिल ब्रश हा कोल्हा नाचवत, बोलवत होता. पीटर फर्मिन यांनी घडवलेला हा उंची उच्चारांचा, खदखदून हसणारा कोल्हा पुढे बीबीसीच्या शनिवार संध्याकाळचा राजा झाला. ओवेनने आयुष्यभर प्रसिद्धी टाळली. बेझिल आहे, ओवेन नाही, असं प्रेक्षकाला वाटलं पाहिजे ही त्याची अट. त्याच्या अनामिकपणाला अन्याय म्हणणं त्याच्यावरच अन्याय होईल. म्हणून लपलेल्या प्रत्येकाला ‘उपेक्षित’ हा शिक्का मारण्याआधी थांबायला हवं: अंधार लादलेला होता की कमावलेला?

दुय्यम काम?

चौथं उत्तर म्हणजे मुलांचं आणि बायकांचं काम म्हणून दुर्लक्ष. याला पुरावा आहे. १९६४मध्ये बीबीसीने बालविभाग गुंडाळून ‘फॅमिली प्रोग्राम्स’मध्ये विलीन केला, मोनिका सिम्स यांच्या हाताखाली तो पुन्हा उभा राहिला १९६७ला. संस्था ज्या कामाला स्वतंत्र खोली द्यायला राजी नाही, त्या कामाच्या कलावंतांची नोंद ती काय ठेवणार? पण हे उत्तरही अर्धंच आहे. लिंगस्ट्रम, ‘बिली बंटर’च्या निर्मात्या जॉय हॅरिंग्टन, कर्णबधिर मुलांच्या कार्यक्रमांमागच्या अर्सुला ईसन, ‘प्ले स्कूल’च्या जॉय व्हिट्बी या निर्णय घेणाऱ्या बायका होत्या, आणि त्यांची नावं इतिहासात आहेत. विस्मृतीची रेषा स्त्री-पुरुषांमध्ये जितकी आहे, त्याहून ठळक ती कार्यालय आणि स्टुडिओ यांच्यामध्ये आहे. ठरवणाऱ्या बाईची नोंद झाली. करणाऱ्या बाईची नाही, करणाऱ्या पुरुषाचीही नाही.

१९६४चं वळण

२१ एप्रिल १९६४ला ‘प्ले स्कूल’ आलं. आदल्या संध्याकाळी वीज गेल्यामुळे बीबीसी-२चा उद्घाटनाचा बेत बारगळला आणि नव्या वाहिनीचा ठरल्याप्रमाणे पार पडलेला पहिला कार्यक्रम लहान मुलांचा ठरला. व्हिट्बी यांनी लिंगस्ट्रमची रीत उलटी केली. खेळणी आता मुकी होती आणि माणूस थेट कॅमेऱ्यात पाहून एकाच मुलाशी बोलावं तसं बोलत होता. सूत्रसंचालक ब्रायन कँटची निवडचाचणी प्रसिद्ध आहे: पुठ्ठ्याच्या खोक्यात बसून समुद्रात होडी वल्हव, असं त्याला सांगितलं गेलं. चेहरा परत आला, नावही आलं.

पण विस्मृतीची पद्धतही बदलली. पॉल डँक्वा हा त्यातला ठळक दाखला. घानाचे राजकारणी जे. बी. डँक्वा यांचा हा मुलगा. शिक्षणाने बॅरिस्टर, १९६१च्या ‘अ टेस्ट ऑफ हनी’ चित्रपटात खलाशाची भूमिका केलेला, चित्रकार फ्रान्सिस बेकन ज्याच्या बॅटरसीच्या घरात काही वर्षं राहिला तो. १९६०च्या दशकात ‘प्ले स्कूल’मधून रोज सकाळी मुलांशी बोलणारा तो ब्रिटिश बालदूरचित्रवाणीवरच्या पहिल्या कृष्णवर्णीय सूत्रसंचालकांपैकी एक. नंतर तो वॉशिंग्टनला जागतिक बँकेत कायद्याचं काम करू लागला. त्याच्या वाट्याला ‘वॉच विथ मदर’चा पडदा आला नव्हता, चेहरा होता, नाव होतं, आणि टेपही होती. गेली ती टेप.

इतिहासकारांनी काय केलं

या विषयावर गंभीर लेखन आहे. एसा ब्रिग्ज यांच्या ब्रिटिश प्रसारणाच्या बहुखंडी इतिहासात बालविभाग येतो. १९९३चं ‘इन्टू द बॉक्स ऑफ डिलाइट्स’ हे अ‍ॅना होम यांचं पुस्तक स्वतः त्या विभागात घडलेल्या आणि त्याच्या प्रमुख झालेल्या बाईंचं आहे. डेव्हिड बकिंगहॅम व सहकाऱ्यांचा १९९९चा ग्रंथ आणि डेव्हिड ऑसवेल यांचं २००२चं पुस्तक धोरण, बालपणाची कल्पना आणि घर यांचा शोध घेतात. या सगळ्यांनी एक मोठं काम केलं: मुलांचे कार्यक्रम हा अभ्यासाचा विषय ठरवला. पण त्यांचा कणा कार्यालयीन कागदपत्रांचा आहे. टिपणं, बैठका, प्रेक्षकांची पत्रं. दोरी किती ढिली सोडली की बाहुली दमलेली दिसते, हे टिपणात नसतं. त्यामुळे कलावंत या ग्रंथांत कार्यक्रमाच्या नावाशेजारी येतो आणि पुढच्या ओळीत नाहीसा होतो.

दुसरी बाजू हौशी संग्राहकांची. ‘कॅलिडोस्कोप’ ही संस्था आणि ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचा ‘मिसिंग बिलीव्ह्ड वाइप्ड’ हा उपक्रम यांनी हरवलेल्या फिती हुडकल्या. २०१४मध्ये ‘रेडिओ टाइम्स’च्या जुन्या नोंदी बीबीसीने सर्वांना शोधण्याजोग्या केल्या, त्याने नावांचा दुष्काळ पुष्कळ हटला. मात्र संग्राहकाची ओढ कार्यक्रमाकडे आणि स्वतःच्या बालपणाकडे असते, आणि आठवण ही भरवशाची साक्षीदार नाही. ‘कॅप्टन पगवॉश’मधल्या पात्रांची नावं अश्लील द्व्यर्थी होती, हे ब्रिटनमधल्या हजारो मोठ्या माणसांना ‘आठवत’ होतं. तशी नावं कधीच नव्हती. १९९१मध्ये जॉन रायन यांनी वृत्तपत्रांविरुद्ध दाद मागितली आणि ‘गार्डियन’ला दिलगिरी छापावी लागली. खोटी नावं ज्यांना पाठ होती, त्यांच्यापैकी कितीजणांना हॉकिन्सचं खरं नाव माहीत होतं?

या दोन्ही प्रवाहांच्या मध्ये एक साधन पडून आहे. जॉन क्यूरा नावाचा छायाचित्रकार १९४७पासून सुमारे वीस वर्षं चालू प्रक्षेपणाचे पडद्यावरूनच फोटो काढे आणि ते विके. गिऱ्हाइकांत खुद्द कलावंत असत, कारण आपण पडद्यावर कसे दिसलो हे पाहण्याचा त्यांना दुसरा मार्गच नव्हता. स्वतःच्या कामाचा पुरावा पदरमोड करून विकत घेणारा कलावंत ही त्या काळाची खरी स्थिती. असे फोटो, कंत्राटं, पगाराच्या नोंदी आणि कॅव्हरशममधल्या बीबीसीच्या लेखी अभिलेखागारातली संहिता एकत्र ठेवून काम करणारा कलावंतकेंद्री इतिहास अजून कुणी सलग लिहिलेला नाही.

तो लिहायचा तर ‘विस्मृती’ हा एकच शब्द सगळ्यांना पुरवणं थांबवावं लागेल. लेस्टॉक आणि जेनिफर गे यांच्यासाठी शोध घ्यायचा तो कामाच्या अवशेषांचा: फोटो, संहिता, प्रेक्षकांची पत्रं. डँक्वासाठी पुसल्या न गेलेल्या फितींचा. अ‍ॅटरबरी, गिब्सन, व्हिट्रेड आणि हॉकिन्स यांच्यासाठी शोधायचं काही नाही. फिल्म लावायची आणि ती बाहुलीची न मानता त्यांची मानून पाहायची. ओवेनची अट मान्य करून त्याच्या कौशल्यावर बोलायचं. आणि कार्यक्रमाच्या नोंदीत ‘बाहुली’ या एका रकान्याऐवजी घडवणारा, हलवणारा, बोलणारा, गाणारा आणि मालक असे पाच रकाने करायचे. मफिनचे हे पाच रकाने आज बऱ्यापैकी भरता येतात, अँडीचेही. पाचवा रकाना भरताना बाकीचे चार इतिहासातून का गळले, याचं अर्धं उत्तर तिथेच मिळतं.